सोनेरी माशांची टाकी

सोनेरी मासा या शोभेच्या माशाचे घरात दीर्घकाळ पालन करण्यासाठी वापरण्यात येणारे जलपात्र. बाजारात हा मासा ‘गोल्डफिश’ या नावाने मिळतो. त्याचे शास्त्रीय नाव कॅरॅसियस ऑरॅटस असून सायप्रिनिफॉर्मीस गणाच्या सायप्रिनिडी कुलात त्याचा समावेश होतो. रोहू, कटला व मृगळ हे गोड्या पाण्यातील परिचित खाद्य मासे याच कुलातील आहेत. त्यांच्याप्रमाणेच सोनेरी मासाही दिवसभर अन्न शोधत हिंडणारा, चांगला वाढणारा व पुष्कळ उत्सर्ग टाकणारा मासा आहे. परंतु टाकी निवडताना ही गोष्ट बहुधा विसरली जाते. विक्रीस येणारी पिले साधारणपणे ३ ते ५ सेंमी. लांबीची असतात आणि त्या पिलांच्या मापानेच टाकी घेतली जाते. अशा टाकीतील मासे पुष्कळदा काही आठवड्यांत किंवा महिन्यांत मरतात आणि हा मासा मुळातच अल्पायुषी आहे, असा समज दृढ होतो. वस्तुतः योग्य टाकीत तो १० ते २० वर्षे जगू शकतो. म्हणून टाकीचे आकारमान माशाच्या खरेदीच्या वेळच्या लांबीवरून न ठरविता त्याची पूर्ण वाढ, पाण्याच्या पृष्ठभागाचे क्षेत्रफळ आणि पाण्याचे घनफळ या तीन गोष्टींवरून ठरवावे लागते.

इतिहास : सोनेरी मासा मूळचा पूर्व आशियातील असून त्याचा रानटी पूर्वज करड्या-हिरवट रंगाचा होता. तांबूस-पिवळ्या रंगाच्या माशांचे उल्लेख चीनमध्ये जिन राजवटीच्या काळापासून (इ. स. २६५–४२०) आढळतात. सुंग राजवटीत (९६०–१२७९) असे मासे बागांतील तळ्यांत मुद्दाम पाळले जाऊ लागले आणि मिंग राजवटीत (१३६८–१६४४) ते घरातील मोठ्या पात्रांत ठेवण्याची प्रथा रूढ झाली. पात्रात शत्रू नसल्यामुळे व अन्न आयते मिळत असल्यामुळे निसर्गात टिकाव न धरणारी लक्षणे, उदा., जोडशेपटी, आखूड व गोलसर शरीर, बाहेर आलेले डोळे, निवडीने टिकविता आली. ही पात्रे मातीची किंवा चिनी मातीची व रुंद तोंडाची असत आणि त्यांतील मासा वरून पाहिला जाई. सतराव्या शतकात हा मासा यूरोपात पोहोचला व १७५८ मध्ये कार्ल लिनीअस यांनी त्याला सायप्रिनस ऑरॅटस असे नाव दिले. मासा बाजूने दिसावा म्हणून काचेचा गोल वापरण्याची पद्धत यूरोपातील घरसजावटीतून आली. माशाच्या गरजांचा विचार तिच्यामागे नव्हता. इंग्लिश रसायनशास्त्रज्ञ रॉबर्ट वॉरिंग्टन यांनी १८५० मध्ये आपल्या प्रयोगांचे निष्कर्ष मांडले. त्यांनी सु. १२ गॅलन (सु. ५५ लि.) धारणशक्तीच्या काचपात्रात दोन लहान सोनेरी मासे, पाणवनस्पती व गोगलगायी एकत्र ठेवून जलचर व वनस्पती यांचा परस्परसंबंध दाखविला. बंदिस्त पाण्यातील समतोल हा पाण्याचे प्रमाण व त्यातील जिवांची संख्या यांवर अवलंबून असतो, हा विचार या प्रयोगांपासून पुढे आला.

पूर्ण वाढ व आयुर्मान : सोनेरी माशांच्या वाणांचे टाकीच्या दृष्टीने दोन गट पडतात. एकेरी शेपटीच्या गटात कॉमन, कॉमेट व शुबंकिन हे लांबट शरीराचे, जलद पोहणारे वाण येतात. तळ्यात त्यांची लांबी ३० सेंमी.पर्यंत जाऊ शकते. जोडशेपटीच्या गटात फॅनटेल, ऱ्युकिन, ओरांडा, रांचू, टेलिस्कोप इ. आखूड व फुगीर शरीराचे वाण येतात. ते सावकाश पोहतात आणि सामान्यतः १५ ते २० सेंमी. लांबीपर्यंत वाढतात. निगा चांगली असल्यास पहिल्या एकदोन वर्षांत वाढ झपाट्याने होते. आयुर्मानाचे विश्वसनीय नोंद असलेले एक टोक म्हणजे इंग्लंडमधील टिश नावाचा मासा. १९५६ मध्ये जत्रेत बक्षीस म्हणून मिळालेला हा मासा १९९९ मध्ये, ४३ वर्षांचा होऊन मेला.

लांबी वाढते त्या मानाने वजन कितीतरी अधिक वाढते. शरीराचा आकार तोच राहिला, तर लांबी तिप्पट झाल्यावर वजन २७ पट होते. ५ सेंमी.चा मासा १५ सेंमी.चा झाला म्हणजे ऑक्सिजनाची गरज, अन्न व उत्सर्ग ही सर्व लांबीच्या प्रमाणात नव्हे, तर बऱ्याच अंशी वजनाच्या प्रमाणात वाढलेली असतात. माशाच्या दर इंच लांबीला एक गॅलन पाणी हा प्रचलित ठोकताळा यामुळेच सोनेरी माशाला लागू पडत नाही. तो लहान व सडपातळ उष्ण कटिबंधी माशांपुरताच उपयोगी आहे.

मासा टाकीच्या मापाइतकाच वाढतो, अशीही एक समजूत आहे. लहान टाकीतील मासा लहान राहतो हे निरीक्षण बरोबर आहे; त्यातून काढलेला निष्कर्ष मात्र चुकीचा आहे. दूषित पाणी, गर्दी व अपुरा ऑक्सिजन यांमुळे वाढ खुंटते. तशा माशाच्या कण्याला बाक येणे, रोगप्रतिकारशक्ती कमी होणे व आयुष्य घटणे असे परिणाम होऊ शकतात. वाढ खुंटणे हे परिस्थितीशी जुळवून घेतल्याचे लक्षण नसून प्रतिकूल परिस्थितीचे फळ होय.

जलपृष्ठ व ऑक्सिजन : मासा क्लोमांच्या (कल्ल्यांच्या) द्वारे पाण्यात विरघळलेला ऑक्सिजन घेतो. स्थिर पाण्यात हा ऑक्सिजन मुख्यतः हवेला लागून असलेल्या पृष्ठभागातून येतो व कार्बन डाय-ऑक्साइड त्याच मार्गाने बाहेर जातो. त्यामुळे एकाच घनफळाच्या दोन टाक्यांपैकी उंच व अरुंद टाकीपेक्षा लांब व रुंद टाकी अधिक मासे पोसू शकते. हवेचा पंप नसलेल्या टाकीसाठी मत्स्यपालकांचा जुना संकेत असा आहे, की शेपटी वगळता माशाच्या दर सेंमी. लांबीला थंड पाण्यातील माशांसाठी सु. ७५ चौ. सेंमी. जलपृष्ठ असावे, उष्ण कटिबंधी माशांसाठी हेच प्रमाण सु. ३० चौ. सेंमी. धरतात.

तापमान वाढले की पाण्याची ऑक्सिजन धारण करण्याची क्षमता घटते. संपृक्त अवस्थेत गोड्या पाण्याच्या एका लिटरमध्ये १०° से.ला सु. ११.३ मिग्रॅ., २०° से.ला सु. ९.१ मिग्रॅ. व ३०° से.ला सु. ७.६ मिग्रॅ. ऑक्सिजन असतो. याउलट, तापमान १०° से.ने वाढल्यास माशाचा चयापचय (शरीरात सतत चालणाऱ्या रासायनिक घडामोडी) सु. दुप्पट होतो. म्हणजे पुरवठा कमी होतो त्याच वेळी मागणी वाढते. अतिशय थंड पाण्यात काही काळ ऑक्सिजनाशिवायही तग धरण्याची विशेष क्षमता सोनेरी माशात आहे. ऊतकांत साचणाऱ्या लॅक्टिक अम्लाचे एथिल अल्कोहॉलात रूपांतर करून तो ते क्लोमांवाटे बाहेर टाकतो. परंतु उन्हाळ्यातील कोमट पाण्यात या क्षमतेचा काही उपयोग होत नाही.

उत्सर्ग व पाण्याचे घनफळ : हवेचा पंप लावल्यास ऑक्सिजनाची उणीव पुष्कळशी भरून निघते, उत्सर्गाची अडचण मात्र त्यामुळे सुटत नाही. सोनेरी माशाला खरे जठर नसते. अन्न लांब आतड्यातून पुढे सरकत राहते, म्हणून तो वारंवार खातो व वारंवार विष्ठा टाकतो. अन्नातील प्रथिनांच्या विघटनातून तयार होणारा अमोनिया तो प्रामुख्याने क्लोमांवाटे पाण्यात सोडतो. पाण्यातील अमोनियाचा काही भाग अमोनियम आयनाच्या (विद्युत् भारित रूपाच्या) स्वरूपात असतो व तो कमी विषारी असतो. उरलेला मुक्त अमोनिया क्लोमांना इजा करतो. पीएच मूल्य (अम्लता-क्षारता दर्शविणारा अंक) वाढले की मुक्त अमोनियाचे प्रमाण वाढते. २५° से. तापमानाला पीएच मूल्य ७ असताना एकूण अमोनियाच्या सु. ०.६ टक्के, तर ८ असताना सु. ५ टक्के अमोनिया मुक्त असतो. दख्खनच्या पठारावरील विहिरींचे व कूपनलिकांचे पाणी बहुधा दुष्फेन (जड) व किंचित क्षारधर्मी असल्यामुळे तेथे या बाबीकडे अधिक लक्ष द्यावे लागते.

घनफळाचे महत्त्व एका उदाहरणाने स्पष्ट होईल. २५ ग्रॅ. वजनाच्या माशाला रोज त्याच्या वजनाच्या सु. १ टक्का अन्न दिल्यास चार दिवसांत तो १ ग्रॅ. अन्न खातो. ते ३५ टक्के प्रथिने असलेले असल्यास त्यातून सु. ३० मिग्रॅ. नायट्रोजन अमोनियाच्या रूपाने पाण्यात येतो. हे प्रमाण ७ लि. पाण्यात दर लिटरला सु. ४ मिग्रॅ. होते, तर १५५ लि. पाण्यात सु. ०.२ मिग्रॅ. होते. पीएच मूल्य ८ असताना त्यातील मुक्त अमोनिया पहिल्या पात्रात सु. ०.२ मिग्रॅ. व दुसऱ्यात सु. ०.०१ मिग्रॅ. असतो. मुक्त अमोनियाचे प्रमाण दीर्घकाळ दर लिटरला ०.०२ मिग्रॅ.च्या वर राहू नये, असा सर्वसाधारण संकेत आहे. तेव्हा तोच मासा, तेच अन्न व तोच काळ असूनही एक पात्र धोक्याच्या मर्यादेच्या दहापट पुढे जाते व दुसरे मर्यादेच्या आत राहते.

निसर्गात अमोनियाचे निराकरण सूक्ष्मजंतू करतात. नायट्रोसोमोनस व त्यांसारखे सूक्ष्मजंतू अमोनियाचे नायट्राइटात आणि नायट्रोस्पायरा इ. सूक्ष्मजंतू नायट्राइटाचे नायट्रेटात रूपांतर करतात. नायट्राइटामुळे रक्तातील हीमोग्लोबिनाची ऑक्सिजन वाहून नेण्याची क्षमता नष्ट होते. नायट्रेट त्या मानाने बरेच कमी विषारी असून पाणी बदलून ते कमी करता येते. हे सूक्ष्मजंतू गाळणीतील स्पंज, वाळू व काच यांच्या पृष्ठभागांवर वाढतात आणि नव्या टाकीत त्यांची पुरेशी वाढ होण्यास सामान्यतः चार ते सहा आठवडे लागतात. मासे आणल्यानंतर पहिल्याच महिन्यात अनेक मासे दगावतात, त्याचे एक प्रमुख कारण हेच आहे. लहान पात्रात या सूक्ष्मजंतूंना जागाही अपुरी पडते व चुकीला वावही उरत नाही.

गोल भांड्याचे दोष : आतील व्यास २५ सेंमी. असलेला काचेचा गोल निम्मा भरल्यास त्यात सु. ४.१ लि. पाणी मावते व जलपृष्ठ सु. ४९० चौ. सेंमी. असते. तोच गोल २० सेंमी. उंचीपर्यंत भरल्यास पाणी सु. ७.३ लि. होते, परंतु वरचे तोंड निमुळते असल्यामुळे जलपृष्ठ सु. ३१५ चौ. सेंमी.पर्यंत घटते. म्हणजे भांडे जितके अधिक भरावे तितका हवेशी संपर्क कमी होतो. वर दिलेल्या संकेतानुसार हे जलपृष्ठ जेमतेम ४ सेंमी. लांबीच्या एका पिलाला पुरते. शिवाय गोलात गाळणी नीट बसत नाही, माशाला सरळ रेषेत पोहता येत नाही व आडोसाही नसतो. इटलीतील मोंझा शहराने २००४ मध्ये आणि रोम शहराने २००५ मध्ये अशा गोल भांड्यांत मासे ठेवण्यास मनाई केली.

आकारमान ठरविण्याची पद्धत : टाकीची लांबी, रुंदी व उंची सेंमी.मध्ये मोजून त्यांच्या गुणाकाराला १,००० ने भागल्यास घनफळ लिटरमध्ये मिळते. काचेची जाडी, तळातील वाळू व काठाखाली सोडलेली जागा यांसाठी १५ टक्के वजा केल्यास प्रत्यक्ष पाण्याचे प्रमाण कळते. जोडशेपटीच्या वाणांसाठी पहिल्या माशाला ७५ लि. व पुढील प्रत्येक माशाला ४० लि. पाणी हे व्यवहारात उपयोगी पडणारे किमान प्रमाण होय. त्याबरोबरच पूर्ण वाढलेल्या माशाच्या शरीराची लांबी शेपटी वगळून १२ सेंमी. धरून जलपृष्ठाचा हिशेबही करावा आणि दोन्ही उत्तरांपैकी लहान उत्तर स्वीकारावे.

बाजारात सर्रास मिळणारी ६० × ३० × ३० सेंमी. (दोन फुटी) टाकी या दृष्टीने तपासण्यासारखी आहे. तिच्या १,८०० चौ. सेंमी. जलपृष्ठावरून दोन मासे ठेवता येतील असे वाटते. पण प्रत्यक्ष पाणी सु. ४६ लि.च असल्यामुळे ती एका पूर्ण वाढलेल्या माशालाही अपुरी आहे. पिले वाढविण्यासाठी किंवा आजारी मासा वेगळा ठेवण्यासाठी ती योग्य आहे. ९० × ४५ × ४५ सेंमी. (तीन फुटी) टाकीत सु. १५५ लि. पाणी राहते व जोडशेपटीचे तीन मासे ठेवता येतात. १२० × ४५ × ४५ सेंमी. (चार फुटी) टाकीत सु. २०५ लि. पाणी राहते, तीत चार मासे ठेवावेत. एकेरी शेपटीच्या वाणांना पोहण्यासाठी अंतर लागते, म्हणून त्यांच्या बाबतीत टाकीची लांबी १२० सेंमी.पेक्षा कमी नसावी. त्यांचे खरे स्थान अंगणातील हौद किंवा तळे हेच होय. हौदाचा काही भाग सावलीत असावा व खंड्या, बगळे इ. पक्ष्यांपासून संरक्षणासाठी वर जाळी असावी. एकेरी व जोडशेपटीचे वाण एकत्र ठेवू नयेत. कारण जलद पोहणारे मासे अन्न आधी संपवितात.

माशांची संख्या कधीकधी टाकीवरून न ठरता समजुतीवरून ठरते. फेंगशुई या चिनी संकेतशास्त्राच्या प्रसारामुळे भारतातील शहरांतही आठ सोनेरी व एक काळा असे नऊ मासे ठेवण्याची प्रथा रूढ झाली आहे. वरील प्रमाणानुसार नऊ माशांना ३९५ लि. पाणी, म्हणजे सु. १५० × ६० × ६० सेंमी.ची टाकी लागेल. पाणी, काच व वाळू मिळून तिचे वजन अर्ध्या टनाहून अधिक होईल. नऊ मासे दोन फुटी टाकीत ठेवल्यास प्रत्येकाच्या वाट्याला जेमतेम ५ लि. पाणी येते.

मांडणी व वजन : एक लिटर पाण्याचे वजन एक किग्रॅ. असते. तीन फुटी टाकी काच व वाळूसह सु. २०० किग्रॅ. भरते, म्हणून ती भिंतीलगत, शक्यतो तुळईच्या जवळ, सपाट व मजबूत लोखंडी घोडीवर ठेवावी आणि तळाखाली फोमचा थर द्यावा. काचेवरील दाब पाण्याच्या खोलीनुसार वाढतो, म्हणून काचेची जाडी ठरविताना लांबीइतकेच उंचीकडेही लक्ष द्यावे लागते. टाकीवर थेट ऊन येऊ नये.

हवामान व निगा : सोनेरी माशाला १८° ते २४° से. तापमान विशेष मानवते. त्यामुळे भारतात बहुतेक ठिकाणी त्याच्या टाकीत तापक लावण्याची गरज नसते. विदर्भात उन्हाळ्यात हवेचे तापमान ४५° से.च्या आसपास जाते व खोलीतील टाकीचे पाणीही ३०° से.च्या वर तापते. अशा प्रदेशात वरील हिशेबापेक्षा एखादा मासा कमी ठेवावा, हवेचा पंप अहोरात्र चालवावा, झाकण जाळीचे ठेवून बाष्पीभवनास वाव द्यावा व अन्न कमी करावे. वीजपुरवठा खंडित होत असल्यास मोठे जलपृष्ठ हाच एकमेव आधार उरतो. बर्फाने पाणी एकदम थंड करणे घातक असते.

गाळणीतून ताशी टाकीतील पाण्याच्या सु. चार ते पाच पट पाणी फिरावे. आठवड्यातून एकदा २५ ते ३० टक्के पाणी बदलावे. सर्व पाणी एकदम बदलल्यास किंवा गाळणीतील स्पंज नळाच्या पाण्याखाली धुतल्यास उपयुक्त सूक्ष्मजंतू नष्ट होतात. नळाच्या पाण्यातील क्लोरीन रुंद पात्रात २४ तास उघडे ठेवल्यास बव्हंशी निघून जातो. क्लोरामीन मात्र निघून जात नाही. दोहोंवर सोडियम थायोसल्फेट वापरतात. क्लोरामिनातून सुटलेला अमोनिया तेवढा गाळणीवर सोपवावा लागतो. मोठी टाकी सांभाळणे अधिक कष्टाचे असते, हा समज खरा नाही. पाण्याचे प्रमाण जितके मोठे तितके तापमान व पाण्याचे रासायनिक स्वरूप सावकाश बदलते आणि दोष वेळीच लक्षात येतो.

अतिरिक्त माशांचा प्रश्न : टाकी अपुरी पडू लागली, की मासे जवळच्या तलावात किंवा नदीत सोडून देण्याकडे कल असतो. हा उपाय माशावर दया करण्याच्या हेतूने केला जात असला, तरी तो अपायकारक आहे. सोनेरी मासा तळातील गाळ उकरतो, पाणवनस्पती उपटतो व स्थानिक माशांच्या अन्नात वाटेकरी होतो. अमेरिकेतील मिनेसोटा राज्यातील बर्न्सव्हिल येथे जुलै २०२१ मध्ये एका तलावात अशा प्रकारे सोडलेले व फार मोठे झालेले सोनेरी मासे सापडले आणि पाळीव मासे तलावांत न सोडण्याचे आवाहन नगर प्रशासनाला करावे लागले. मोकळ्या पाण्यात हे मासे एवढे वाढतात, यावरून त्यांची मूळची वाढीची क्षमताही दिसून येते. जागा अपुरी असल्यास मासे दुसऱ्या पालकाकडे किंवा विक्रेत्याकडे सोपविणे हाच योग्य मार्ग होय. ज्या घरात तीन फुटी टाकीलाही जागा नाही, तेथे सोनेरी माशाऐवजी गप्पीसारखे लहान मासे निवडणे अधिक श्रेयस्कर ठरते.